परतखुणेची रेंज

जामखेडला जाऊन आले असं सांगितलं की चिपळुणात लोक आधी "ते कुठे आलं?" असं विचारतात आणि मग "तिथे काय आहे?" असं. पहिल्याचं उत्तर सोपं आहे. मी जन्मभर शाळेत भूगोल शिकवला, नकाशावर पट्टी ठेवून कुठलंही गाव दाखवते. दुसऱ्याचं उत्तर देता देता समोरच्याचा चहा संपतो आणि तो उठून जातो. म्हणून एकदाचं लिहून काढते, म्हणजे ज्याला उठायचं त्याला मधल्या पानावरून उठता येईल.

मुळात मी तिथे गेले ती सत्कार घ्यायला. निदान माझी तशी समजूत होती.

निवृत्त झाल्यावर आमच्या आळीतल्या बायका भजनी मंडळात जातात, मी कादंबरी लिहिली. मेरुळ नावाच्या देशाची, जो कुठेच नाही. त्याचा नकाशा मी स्वतः काढला, नद्या, पठारं, सरासरी पर्जन्यमान, सगळं घालून. आमच्या ह्यांचं मत असं की त्या पुस्तकात पाऊस तेवढा खरा वाटतो. तर या मेरुळमध्ये खिंड ओलांडून गेलेला माणूस घरची वाट विसरतो. फक्त ज्याच्या अंगावर परतखूण असते, त्याला वाट स्वतः घरी आणून सोडते. खूण अगदी साधी आहे. वाकड्या मुठीची काठी जमिनीवर उभी धरा. रेघ खालून वर जाते, वळते आणि थोडी खाली उतरते. उतरते तिथे एक टिंब. ते टिंब म्हणजे घर. हीच खूण उलटी काढली तर तिचा गळ होतो, मासे धरायचा. ती दुष्ट राजाची ओढखूण. ती ज्याच्या अंगावर, तो ओढला जातो आणि परत येत नाही.

पुस्तक छापून आलं तेव्हा मुखपृष्ठावर खूण उलटी होती. प्रकाशक म्हणाले, चित्र म्हणून गळ जास्त उठून दिसतो. आमच्या बाजारपेठेतल्या दुकानदाराने पुस्तक मासेमारीच्या पुस्तकांशेजारी मांडलं आणि त्याच्या दोन प्रती तिथूनच खपल्या. मी हट्ट धरून शुद्धिपत्र छापून घेतलं: 'मुखपृष्ठावरील खूण उलटी छापली गेली आहे. वाचकांनी ती सुलटी समजून वाचावी.' ती चिठोरी मी स्वतः बसून एकेका प्रतीत घातली. उरलेला गठ्ठा तेव्हापासून माझ्या पर्समध्ये आहे. कुणाच्या घरी माझं पुस्तक दिसलं, की मी यजमानांची नजर चुकवून एक सरकवते.

फाल्गुनात एका मुलीचा फोन आला. नाव वैजयंता, गाव जामखेडजवळ, नगरच्या वसतिगृहात राहून नर्सिंग केलेलं. वसतिगृहाच्या कपाटात माझं पुस्तक तिला सापडलं होतं. ती म्हणाली, "मॅडम, खुणेबद्दल तुम्ही स्वतः येऊन चार शब्द बोललात तर बरं होईल. आमच्या आईची लई इच्छा आहे."

आता 'चार शब्द' म्हटल्यावर मराठी माणसाला काय दिसतं? मला व्यासपीठ दिसलं, शाल दिसली, नारळ दिसला. आईची इच्छा म्हणजे आई महिला मंडळाची अध्यक्ष असणार. मी जांभळी पैठणी इस्त्री करून घेतली आणि आरशासमोर भाषण पाठ केलं. सत्काराला जाते आहेस तर शाल ठेवायला पिशवी मोठी घे, असं हे पेपरमधून डोकं वर न काढता म्हणाले. मी मोठी पिशवी घेतली.

शिर्डी

चिपळूण ते शिर्डी या प्रवासाबद्दल एवढंच सांगते की मी पोचले. आई-बापू ऊस तोडायला पुणतांब्याच्या बाजूला आहेत आणि तिथे पाहुण्याची राहायची सोय नाही, तेव्हा आधीचा मुक्काम शिर्डीत करा, असं वैजयंताने कळवलं होतं. ऊसतोडीच्या जागी सत्कार कसा काय ठेवला, असा प्रश्न मला पडायला हवा होता. पडला नाही. शेतकऱ्यांत, उघड्यावर, साध्या पद्धतीने ठेवला असेल, असं म्हणून मी उलट भाषणात मातीचा उल्लेख वाढवला.

शिर्डीत रस्त्याने सरळ चालणं हे माझ्यासारखीचं काम नाही. "मावशी, चप्पल इथं ठिवा" असं एक फुलवाला म्हणेपर्यंत चप्पल त्याच्या फळीखाली गेलीही होती आणि माझ्या हातात हार-प्रसादाचं ताट आलं होतं. आमच्याकडे देवळात जाताना परसातली दोन जास्वंदाची फुलं खुडून नेली की झालं, इथे ताटाचे आकारच चार. पर्समधून सुटे काढताना पुस्तक खाली पडलं. फुलवाल्याने उचललं, मुखपृष्ठ नीट पाहिलं आणि हे कुठल्या बाबांचं, असं विचारलं.

मला कुणी विचारलं की मी थोडक्यात सांगत नाही. मी त्याला मेरुळ सांगितला, खिंडी सांगितल्या, खूण उलटी आहे हे सांगून शुद्धिपत्रही दिलं. त्याने सगळं ऐकून घेतलं आणि धंद्याचा प्रश्न विचारला, की ही कशावर चालते: नोकरी, लग्न का कोर्टकचेरी? गेलेला माणूस घरी परत येतो, असं मी म्हणाले. त्याने मान हलवली. "मग इथं न्हाई चालायची, मावशी. इथं आलेल्या मानसाला परतीची याद नको असती. कीचेन काढली तरी पडून ऱ्हातील."

म्हणजे माझ्या खुणेचा पहिला बाजारभाव शून्य आला. मी मात्र त्याच्याकडून तीन कीचेन घेऊन बाहेर पडले.

पुणतांबा

दुसऱ्या दिवशी सकाळी पैठणी नेसून पुणतांब्याला उतरले. वैजयंता उभी होती, अंगाने बारीक, वेणी घट्ट, डोळे झोप न झाल्यासारखे. हातात हार नव्हता. मी तिच्या मागे समितीचे लोक शोधले. मागे एक मोटारसायकल होती. तिने मला तीवर बसवलं आणि उसाच्या रानातून कच्च्या वाटेने नेलं. पैठणीचा पदर मी दातांत धरला होता. कार्यक्रम किती वाजता आहे, असं मी वाटेत तसाच तोंडात पदर ठेवून विचारलं. कसला कार्यक्रम, असं ती म्हणाली. मी म्हटलं, जेवणाचा.

कॅनॉलच्या कडेला मोकळ्या रानात पाचटाने शाकारलेल्या कोप्या होत्या, निम्म्या मोडलेल्या. पट्टा पडला होता. म्हणजे कारखान्याचं गाळप संपलं होतं आणि टोळ्या आपापल्या गावी निघाल्या होत्या. वैजयंताचे वडील भानुदास दोर गुंडाळत होते. बैल वाढं, म्हणजे उसाचे हिरवे शेंडे, खात उभे होते. उरलेल्या एका कोपीसमोर चुलीशी बसून एक बाई भाकऱ्या थापत होत्या. त्या कौसाबाई, वैजयंताची आई. अध्यक्षा वगैरे नव्हत्या. माझी पैठणी पाहून त्यांनी घाईघाईने आपलं अंगावरचं लुगडं सारखं केलं, आणि तिथे मला पहिल्यांदा लाज वाटली.

मग खरी गोष्ट कळली. वैजयंताला हैदराबादेतल्या एका दवाखान्यात नोकरी लागली होती आणि गावची जत्रा झाली की रुजू व्हायचं होतं. बापूंनी हो म्हटलं होतं, आईने नाही. दोन वर्षांमागे वैजयंताने सुट्टीत याच कोपीत बसून आईला माझं पुस्तक वाचून दाखवलं होतं. राजा आणि लढाया कौसाबाईंनी कानाआड केल्या, परतखूण तेवढी मनात ठेवली. त्या वर्षी पट्टा पडल्यावर गावच्या जत्रेत गोंदणाऱ्यापुढे पुस्तक ठेवून त्यांनी ती हातावर गोंदून घेतली. त्यानंतरच्या हंगामात गाडी पाण्याच्या चारीत पलटली, जू मोडलं आणि कौसाबाई अंगावर ओरखडा न पडता उठल्या. तेव्हापासून त्यांचा खुणेवर पक्का विश्वास. मुलीने जायचं तर खूण गोंदून जायचं. पण त्याआधी ज्या बाईने खूण काढली तिने स्वतः सांगायचं, की ती एवढ्या लांब काम करते का.

"तेलंगणात चालती का?" कौसाबाईंनी मला विचारलं. "आमचं रान हितंच, जिल्ह्यातल्या जिल्ह्यात. म्हनून मला लागू पडली आसंल. लांब गेल्यावर रेंज जाती का, त्येवढं सांगा."

या प्रश्नाला 'चालते' एवढं उत्तर होतं. वैजयंता माझ्याकडे पाहत होती. तिची नोकरी त्या एका शब्दावर अडली होती आणि त्यासाठी मी चिपळुणाहून आले होते. पण मी शिक्षिका. मी घसा साफ केला आणि मेरुळच्या भौगोलिक विस्तारापासून सुरुवात केली. कौसाबाई मन लावून ऐकत होत्या. ऐकता ऐकता त्यांनी चुलीपलीकडून हात पुढे केला, म्हणाल्या, ही बघा, तुमचीच हाय. मनगटाच्या वर, निळसर हिरवी. मी बघितलं तर गळ.

"अहो, हे उलटं आहे."

झाले चार शब्द. यांच्यासाठीच मला बोलावलं होतं जणू.

भानुदासांच्या हातातला दोर थांबला. उलटं म्हणजे काय होतं, असं कौसाबाईंनी विचारलं. अक्कल असलेल्या कुठल्याही बाईने इथे खोटं बोलायचं. मी अकराव्या प्रकरणासकट खरं सांगितलं, की माणूस जातो आणि परत येत नाही. कौसाबाईंनी हात मागे घेतला आणि लुगड्याच्या पदराने झाकला.

वैजयंता माझ्यावर नव्हे, पुस्तकावर रागावली. "तुमी लिवलंय छत्रीच्या मुठीसारखी. छत्री उघडली की मूठ खालीच येती की." मी मिटलेल्या छत्रीबद्दल लिहिलं होतं. आमच्याकडे आषाढात छत्री उघडी असते हे खरं, पण लिहिताना माझ्या डोळ्यांपुढे सासऱ्यांची काठीसारखी टेकवलेली छत्री होती. हे मी तिला समजावून सांगितलं आणि पर्समधून एक शुद्धिपत्र काढून दिलं; वसतिगृहाच्या प्रतीतलं कधीच गळून गेलं होतं. तिने ते आईला मोठ्याने वाचून दाखवलं. सुलटी समजून वाचावी, हे ऐकून कौसाबाई म्हणाल्या, समजून कसं भागंल, गोंदलंय न्हवं का.

मग मी दुसऱ्या टोकाला गेले. म्हटलं, हे सगळं मी मनाने रचलेलं आहे, खूण खोटी, देश खोटा, तुम्ही मनावर घेऊ नका. त्यावर त्या शांतपणे म्हणाल्या, "रचल्यालं हाय तर उलटं-सुलटं कशापायी सांगितलं?" त्या पुढे म्हणाल्या, "वैजू जायाची न्हाई."

जेवण झालं. हुलग्याचे शेंगोळे, बाजरीची भाकरी आणि ठेचा. हुलगा म्हणजे आमचा कुळीथ, पण आमच्याकडे त्याची पातळ पिठी करून भातावर घेतात, इथे वळून रश्शात शिजवतात. फार चवीचं होतं. ठेच्याने डोळ्यांतून पाणी आलं ते बरंच झालं, कारण नाहीतरी ते येणारच होतं. हात धुवायला पाणी घालताना वैजयंता हळू आवाजात म्हणाली, "मॅडम, तुमी नुसतं व्हय म्हनायचं हुतं." तिच्या आवाजात राग नव्हता, आणि तेच मला जास्त लागलं.

वाटेत

मला तिथूनच परत फिरता आलं असतं. शिर्डीहून पुण्याची गाडी होती, घरी हे होते, परसात जास्वंद होती. पण एका मुलीची नोकरी घालवून चिपळूणला जायचं तर तोंडात घास कसा जाणार. जत्रेला तीन-चार दिवस होते. मी म्हटलं, मला तुमचं गाव बघायचंय. कौसाबाई नको म्हणाल्या नाहीत. पाहुण्याला नको म्हणायची त्यांच्यात रीत नाही, याचा मी फायदा घेतला.

सकाळी ट्रक आला. मागे बैल, मोडलेल्या कोपीचे बांबू, भांडी, पेटी, भानुदास आणि वैजयंता. पुढे ड्रायव्हर, कौसाबाई आणि मी. पैठणी पिशवीत गेली, शालीसाठी आणलेली ती मोठी पिशवी अखेर कामाला आली. कौसाबाई हाताची घडी घालून सरळ समोर बघत होत्या. मी बोलायचा प्रयत्न केला. बैलांची नावं विचारली, त्यांनी सांगितली, विषय संपला. उसाचं हिरवं रान मागे पडत गेलं. राहुरी गेलं, नगर आलं. पाट्यांवर अहिल्यानगर आहे, ड्रायव्हर नगर म्हणाला.

नगर सोडल्यावर जमीन उघडी पडत गेली. मी शाळेत 'पर्जन्यछायेचा प्रदेश' हे शब्द हजार वेळा फळ्यावर लिहिले असतील. तेव्हा सावली म्हटल्यावर मला उगाच गार वाटायचं. इथे बाभळीशिवाय सावली नव्हती आणि ट्रकच्या खिडकीतून भट्टीचा वारा येत होता. आमच्याकडे चार महिने पाणी कुठे घालवायचं याची चिंता, इथे ते कुठून आणायचं याची. मी माझ्या मेरुळमध्ये पावसाचं वाटप इतकं नीट केलं होतं, की ज्याला हा भाग माहीत आहे त्याला हसू यावं.

अशात रस्त्यातल्या खड्ड्याने ट्रक उसळला. माझं डोकं टपाला लागलं. कौसाबाईंनी समोरची लोखंडी दांडी धरली आणि पदर सरकला. मी त्यांच्या शेजारी बसले होते, खांद्याला खांदा लागून. त्यांच्या हाताकडे नजर गेली तर काठी. मूठ वर, टिंब खाली. अगदी माझ्या मनात होती तशी, प्रकाशकाला जन्मात जमली नव्हती तशी.

डोकं आपटल्याने असं दिसत असेल म्हणून मी पुन्हा पाहिलं. मग उलगडलं. गोंदणारा माणूस कौसाबाईंच्या समोर बसला होता. त्याने मुखपृष्ठावरचा गळ स्वतःच्या बाजूने जसाच्या तसा उतरवला, म्हणजे कौसाबाईंच्या बाजूने ती परतखूण झाली. काल मीही त्यांच्या समोर बसले होते, चुलीच्या पलीकडे. जन्मभर नकाशासमोर उभी राहिलेली बाई, उत्तर नेहमी वर. नकाशाच्या दुसऱ्या बाजूला कुणी बसलेलं असतं, हे कधी डोक्यातच आलं नाही.

मी जवळजवळ ओरडलेच, की कौसाबाई, सुलटी आहे. ड्रायव्हरने ब्रेक मारला. कौसाबाईंनी सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाल्या की त्यांना तर रोज अशीच दिसते, पण बाईंनीच काढलेली खूण आहे, तर बाईंना जास्त माहीत असणार, असं त्यांना वाटलं. नेमकी कुणाकडून सुलटी असावी लागते, हे त्यांनी विचारलं. हे माझ्या पुस्तकात कुठेच नव्हतं. मी तिथल्या तिथे, डोक्याला टेंगूळ आलेलं असताना, मेरुळचा कायदा केला: जिच्या अंगावर, तिच्याकडून. पुस्तकात आहे का हे, असं त्यांनी विचारल्यावर म्हटलं, आता आहे.

मला वाटलं, सुटले. पण कौसाबाईंचा चेहरा फारसा उजळला नाही. त्या म्हणाल्या, "खुनंमुळं परत येती का ओ मी? दर साली त्योच फड, तीच कोपी, तेच घर. वाट बैलाला बी पाठ हाय. वैजूची वाट नवी हाय. खरं सांगा बाई, गेल्यालं मानूस येतं का माघारी?"

आता खोटं बोलायची उत्तम संधी होती आणि पुन्हा मला ती साधता आली नाही. म्हटलं, माहीत नाही. आमच्याकडे गेलेली माणसं गणपतीला येतात, तेवढ्यावर सगळं कोकण चालतं. माझा मुलगा बंगळूरला आहे. पहिली काही वर्षं आला. मग एक वर्ष सुट्टी नव्हती, एक वर्ष तिकीट नव्हतं, आता तो तिकडेच शाडूची छोटी मूर्ती आणतो आणि आम्हाला फोनवर आरती दाखवतो. तो पहिल्यांदा आला नाही त्या गणपतीत मी पुस्तक लिहायला घेतलं आणि सगळ्यात आधी ती खूण काढली. हे मी घरी ह्यांनाही सांगितलेलं नाही. जामखेडच्या रस्त्यावर ट्रकमध्ये सांगितलं.

कौसाबाईंनी आपल्या पिशवीतून भुईमुगाच्या शेंगा काढल्या आणि माझ्या ओंजळीत घातल्या. पुढची वाट आम्ही शेंगा फोडत गेलो, आणि ड्रायव्हरलाही दिल्या.

जामखेड

गाव जामखेडच्या अलीकडे, माळावर. घराला सहा महिन्यांचं कुलूप होतं. ते काढल्यावर आत धूळ आणि उंदीर. आम्ही तिघींनी झाडून सारवून काढलं. सारवायचं मला येतं अशा थाटात मी पुढे झाले आणि माझी बाजू पोपडे धरून वाळली. वैजयंताने ती पुन्हा सारवली. त्या दिवशी ती पहिल्यांदा माझ्यासमोर हसली.

ट्रकमध्ये काय बोलणं झालं, ते तिला आईने सांगितलं नव्हतं. मीही सांगितलं नाही. जाऊ देणार का, हे ती रोज आईच्या तोंडाकडे बघून ताडायचा प्रयत्न करायची आणि मी तिच्याकडे बघून. तिची बॅग भरून कोपऱ्यात ठेवलेली होती. येता-जाता सगळेजण तिला वळसा घालायचे.

जत्रेच्या दिवशी सकाळी कौसाबाईंनी मला पाटावर बसवलं आणि ओटी भरली. आमच्याकडे तांदळाने भरतात, इथे गव्हाने. नारळ, खण, मूठभर गहू. मी पैठणी नेसले होते, आणि या वेळी त्यांनीही नवं लुगडं नेसलं होतं. सत्कार झाला. भाषण मात्र कुणी मागितलं नाही.

जत्रेत गोंदणारा एका छत्रीखाली बसला होता, उघड्या छत्रीखाली, हे मी मुद्दाम नोंदवते. आता सुई नाही, बॅटरीवरचं मशीन आहे. त्याने कौसाबाईंच्या हातावरचं स्वतःचं काम ओळखलं. वैजयंता समोर बसली, बाही सारली. मी पुढे होऊन खूण नीट काढून दाखवावी म्हणून कागद शोधला. शुद्धिपत्रांशिवाय दुसरा कागद नव्हता. एकाच्या मागे काढली. त्याने ती बघितली, शाई पुसायला आणखी पाच-सहा मागून घेतली आणि विचारलं की कुणाकडून सुलटी काढू.

"जिच्या अंगावर, तिच्या…" असं मी सुरू केलं.

कौसाबाईंनी माझ्या हातावर हात ठेवला. "हिच्याकडनं उलटी काढा. माझ्याकडनं सुलटी."

वैजयंताने वर पाहिलं. "आई, उलटी म्हंजे जानारं मानूस परत येत न्हाई."

"ठावं हाय. बाईंनी सांगितलंय." कौसाबाई तिच्या समोर येऊन बसल्या, गोंदणाऱ्याला थोडं सरकायला लावून. "मी लई येळा परत आले, वैजू. तू जा. आन् आलीस तर माझ्या म्होरंच बसशील न्हवं? तवा मला सुलटी दिसंल. परतीचं माझ्याकडं."

मशीन सुरू झालं. वैजयंताने मान फिरवली, पण दुखण्याने नव्हे, मला कळत होतं. कौसाबाईंनी फिरवली नाही. काठीची मूठ आपल्या बाजूला नीट वर येतेय ना, ते त्या शेवटपर्यंत बघत होत्या. मला रडू आलं आणि मी ते लपवलं नाही. गोंदणाऱ्याने डोळे पुसायला मला माझंच एक शुद्धिपत्र दिलं.

घरी आल्यावर ह्यांनी विचारलं, सत्कार झाला का. मी नारळ पुढे केला. त्याची खोबऱ्याची चटणी झाली आणि मुलाला फोन करून मी सांगितलं, की गणपतीला जमलं तर ये, नाही जमलं तर आम्ही येतो. तो म्हणाला, आई, तू बरी आहेस ना? गणपतीत आम्ही बंगळूरला गेलो. शाडूची मूर्ती खरंच छोटी आहे, आणि आरती फोनवर दिसते त्याहून बरीच बेसूर.

परवा कौसाबाईंचा फोन आला. वैजयंताचं ठीक चाललंय, पण दसऱ्याला सुट्टी मिळाली नाही. दसरा झाला की टोळ्या हंगामाला निघणार, म्हणजे भेट पुढच्या पट्ट्यापर्यंत गेली. मी काहीतरी समजुतीचं बोलायला लागले, तर त्यांनी मला मध्येच थांबवलं. दसऱ्याआधी त्या आणि भानुदास मिळून हैदराबादेला निघणार होते. गाडीचं बघितलं होतं, बैल वैजूच्या चुलत्याकडे ठेवायचे ठरले होते, शेंगा भाजून झाल्या होत्या.

"मला कसली भीती? मला परतखून हाय की," त्या म्हणाल्या. मग एवढे दिवस अडकून राहिलेला तो प्रश्न त्यांनी पुन्हा विचारला. "तेलंगणात चालती न्हवं?"

या वेळी मी घसा साफ केला नाही.

"चालते हो. तेलंगणात चालते."